उधारी नसलेलें दुकान

इ. स. १८४४ च्या डिसेंबर महिन्याची २१ तारीख. इंग्लंडमधील लँकेशायर परगण्यांत रॉचडेल गांवीं, टोड लेन नांवाच्या गल्लींतील एका जुन्या वखारीच्या तळमजल्यावर, रात्रीं आठाच्या सुमारास कांहीं मजुरांनीं एका दुकानाचीं दारें उघडलीं. दुकानांत माल म्हणाल तर थोडें लोणी, थोडी साखर, पीठ, ओटचा भरडा आणि कांहीं मेणबत्त्या, एवढाच. साऱ्या मालाची खरेदी १७ पौंडांच्याहि आंत होती. गल्लींतील पोरें बाहेर जमून विणकरांची टर उडवीत होतीं. आणि सारा माल एका हातगाडींत घालून नेतां येईल, असें एका शेजारच्या दुकानदारानें म्हटल्याची आख्यायिका आहे.

आख्यायिका खरी असो वा नसो, मजुरांची स्थिति खरोखरच हंसण्याजोगी नव्हती. रॉचडेल हें फलालिनीच्या विणकामाबद्दल प्रसिद्ध असलेलें गांव. यंत्रमाग आले आणि हातमागावरील विणकराची मजुरी उतरत गेली. ती वाढवून मिळावी म्हणून केलेला संप फसला. हातीं पडे ती मजुरीहि धड स्वतःची नसे. मजुरीच्या ऐवजीं माल देण्याची पद्धत १८३१ च्या कायद्यानें बंद झाली होती खरी. पण कायद्यानें उधारी बंद होत नाहीं. आठवड्याची मजुरी संपली कीं मजुराचें घर दुकानदाराच्या वहीवर चाले, आणि एकदां वहींत नांव चढलें कीं दुसऱ्या दुकानीं जाण्याची सोय उरत नसे. मग दुकानदारानें काटा मारावा, पिठांत खडूची भुकटी मिसळावी, पावांत तुरटी घालावी, एकदां उकळलेली चहाची पत्ती वाळवून व रंगवून पुन्हां विकावी, आणि गिऱ्हाइकानें तें मुकाट्यानें घ्यावें! भेसळीविरुद्ध इंग्लंडांत पहिला कायदा झाला तो १८६० सालीं. तोंपर्यंत गरिबाला हा तोंड दाबून बुक्क्यांचा मारच होता.

अशा वेळीं २८ माणसें एकत्र आलीं. त्यांत विणकर होते, तसे इतर धंद्यांतील कारागीरहि होते. आठवड्याला दोन पेन्स, पुढें तीन, अशी वर्गणी सांठवून त्यांनीं २८ पौंड उभे केले आणि वर्षाला १० पौंड भाड्यानें ती जागा घेतली. मंडळीचें नांव 'रॉचडेल इक्विटेबल पायोनियर्स'. म्हणजे न्यायानें व्यवहार करणारे अग्रणी. नांव मोठें होतें आणि मनोरथ त्याहून मोठे. दुकान काढावें, घरें बांधावीं, कारखाने चालवावे, जमीन घ्यावी आणि अखेर आपली स्वतंत्र वसाहतच स्थापावी, असे उद्देश त्यांनीं लिहून ठेवले होते. रॉबर्ट ओवेनच्या विचारांचा तो ठसा होता. परंतु या मंडळींचें शहाणपण उद्देशांच्या यादींत नव्हे, तर तेल-मिठाच्या हिशेबांत दिसून आलें.

याच गल्लींत १८३३ सालीं असेंच एक मजुरांचें दुकान निघालें होतें आणि १८३५ सालीं बुडालें होतें. बुडालें तें उधारीनें. गरीब शेजाऱ्याला नाहीं म्हणवेना, आणि वसुली होईना. तो धडा ताजा होता. म्हणून नव्या दुकानाचा नियम झाला: व्यवहार रोखीचा, सभासद असला तरी उधार नाहीं.

दुसरा नियम नफ्याचा. त्याचें श्रेय चार्ल्स हॉवर्थ या सभासदाकडे देतात. मात्र अशी वांटणी त्यापूर्वीं स्कॉटलंडांत व यॉर्कशायरांत एक-दोन ठिकाणीं होऊन गेली होती. कल्पना कोणाची, यापेक्षां ती टिकविली कोणी, हें इतिहासांत अधिक महत्त्वाचें ठरतें. दुकानांतील भाव बाजारभावाप्रमाणेंच ठेवावयाचे. तिमाहीच्या अखेरीस खर्च, झीज आणि भांडवलावरील ठरीव व्याज वजा जातां जो नफा राही, तो भांडवलाच्या प्रमाणांत न वांटतां ज्यानें जितका माल घेतला असेल त्या मानानें वांटावयाचा. पौंडामागें एक शिलिंग परतावा ठरला, तर तीन महिन्यांत १० पौंडांचें वाणसामान नेणाऱ्या घराला १० शिलिंग परत मिळत. ही रक्कम घरीं न नेतां तेथेंच ठेवण्याचीहि सोय होती. म्हणजे जेवतां जेवतां बचत! शिल्लक टाकण्याइतकी प्राप्ति ज्याची नाहीं, त्याच्या रोजच्या पिठा-साखरेंतून ती आपोआप पडूं लागली. मत मात्र भाग कितीहि असोत, प्रत्येकीं एकच.

१८४५ च्या अखेरीस सभासद ७४ झाले आणि भांडवल १८१ पौंड. १८४९ सालीं गांवांतील बचत पेढींत सुमारें ७१ हजार पौंडांची अफरातफर उघडकीस आली. पेढीच्या चालकावर गरिबांचा मोठा विश्वास होता. त्याच्या मृत्यूनंतर सर्व प्रकार बाहेर पडला आणि लोक हवालदिल झाले. ज्या विणकरांची एकदां टर उडविली गेली होती, त्यांच्या दुकानाकडे आतां लोक पैसे घेऊन येऊं लागले. १८५० सालीं सभासद ६०० झाले आणि १८६० सालीं ३,४५०. त्या वर्षीं भांडवल ३७ हजार पौंडांवर गेलें होतें. माडीवर वाचनालय निघालें आणि नफ्यांतून शेंकडा अडीच शिक्षणासाठीं काढून ठेवण्याचा नियम झाला. याहूनहि विशेष गोष्ट स्त्रियांची. विवाहित स्त्रीची कमाईदेखील कायद्यानें नवऱ्याची मानली जाई. तो कायदा १८७० सालीं प्रथम बदलला. पण टोड लेनच्या दुकानीं स्त्रीला स्वतःच्या नांवानें सभासद होतां येई व मत देतां येई. एलायझा ब्रायर्ली ही १८४६ सालीं तेथें सभासद झाली होती.

सर्वच प्रयोग असे फळले नाहींत. १८५४ सालीं याच मंडळींपैकीं कांहींनीं कापडाची सहकारी गिरणी काढली. नफ्याचा वांटा भांडवलाप्रमाणें श्रमालाहि मिळावा, असा तिचा नियम होता. गिरणी चांगली चालली, आणि हेंच तिच्या मुळावर आलें. व्याजाच्या आशेनें भाग घेणारे नवे लोक शिरले आणि १८६२ सालीं बहुमतानें कामगारांचा वांटा रद्द झाला. गिऱ्हाइकाला दिलेला हक्क टिकला; कामगाराला दिलेला टिकला नाहीं.

त्याच सुमारास अमेरिकेंत यादवी युद्ध पेटलें होतें. तेथील कापूस थांबला आणि लँकेशायरच्या गिरण्या ओस पडल्या. इकडे खानदेश-वऱ्हाडच्या कापसाला सोन्याचा भाव आला व मुंबईंत शेअरांचें पीक आलें; तेंहि १८६५ सालीं जळालें. रॉचडेलच्या दुकानाचे सभासद १८६१ सालीं ३,९०० होते, ते पुढल्या वर्षीं ३,५०१ वर आले. पण १८६३ सालीं पुन्हां ४,०१३ झाले. सांठलेला परतावा हळूहळू काढून कित्येक घरांनीं ते दिवस निभावले. हाच मार्ग पुढें अनेक देशांतील मजुरांनीं धरला. मुंबईच्या गिरणगांवांतहि १९४८ सालीं नायगांव येथें कामगारांचें सहकारी ग्राहक भांडार निघालें. 'अपना बाजार' तें हेंच.

येथपर्यंतची हकीकत सहकाराच्या बहुतेक पुस्तकांत आढळते. तींत एका माणसाचा मात्र पत्ता लागत नाहीं. ज्याच्या खिशांत शनिवारनंतर दमडी उरत नाहीं, त्याचें काय? रोखीच्या नियमानें दुकान वांचलें, सभासद कर्जांतून सुटले. पण तोच नियम दाराशीं उभा राहून हातावर पोट असलेल्या माणसाला परत धाडूं लागला. तो पूर्वीच्याच दुकानदाराच्या वहीवर राहिला. पुढें पुढें अनेक सहकारी दुकानांत मोठ्या परताव्याची चढाओढ लागली. परतावा मोठा तर भाव चढे. आणि तिमाहीपर्यंत थांबण्याची ऐपत नसलेल्या बाईला चढ्या भावाची झळ आजच लागणार. ज्यांना आधीं थोडेंबहुत होतें त्यांना सहकारानें वर काढलें, हें अभिमानानें सांगावें; पण 'थोडेंबहुत होतें' हे शब्द गाळूं नयेत.

हें वर्म ओळखलें तें स्त्रियांनींच. स्त्रियांच्या सहकारी संघाच्या चिटणीस मार्गारेट ल्यूवेलिन डेव्हिस यांनीं गरीब वस्तींत सहकारी दुकानें काढावीं असा आग्रह धरला. त्यांतून १९०२ च्या ऑक्टोबरांत संडरलंड शहरीं, कॉरोनेशन स्ट्रीट या दरिद्री भागांत एक दुकान उघडलें. तेथें पेनी-पेनीच्या पुड्या बांधून ठेवीत. स्वस्त मांस आणि गरम सूप मिळे. उधारी तेथेंहि नव्हती. पण माप इतकें लहान केलें होतें कीं, रोजच्या मिळकतींतून रोखीनें घेतां यावें. शेजारीं संघाच्या कार्यकर्त्या स्त्रिया राहत, आणि संध्याकाळीं वस्तींतील बायका-मुलें तेथें जमत. गिऱ्हाईक भरपूर येई. तरी दुकान म्हणजे धर्मादाय नव्हे, असें तेथील संचालक मंडळांतील पुष्कळांचें मत पडलें, आणि १९०४ सालीं त्या स्त्रियांना तेथून बिऱ्हाड हलवावें लागलें.