शांता आपटे : पडद्यावरील बंड आणि स्टुडिओच्या फाटकावरील उपोषण

मराठी बोलपटाच्या इतिहासात शांता आपटे यांची नोंद प्रामुख्याने गायिका-अभिनेत्री म्हणून होते आणि ती 'कुंकू'मधील नीरेपाशी येऊन थांबते. ही नोंद चुकीची नसली तरी अपुरी आहे. चित्रपटव्यवसायातील श्रमसंबंधांच्या इतिहासातही त्यांना स्थान देणे आवश्यक आहे, असे प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन आहे.

भालजी पेंढारकरांच्या 'श्यामसुंदर' (१९३२) या चित्रपटातून त्यांचे पदार्पण झाले. १९३३ मध्ये कोल्हापूरहून पुण्यात आलेल्या प्रभात फिल्म कंपनीच्या 'अमृतमंथन' (१९३४) मुळे त्यांना लौकिक लाभला. व्ही. शांताराम दिग्दर्शित 'कुंकू' (१९३७) हा ना. ह. आपटे यांच्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवर आधारलेला होता. फसवून वृद्ध बिजवराशी लग्न लावून दिलेली नीरा त्या नवऱ्याशी संसार करण्यास नकार देते. पार्श्वसंगीताऐवजी प्रसंगातील स्वाभाविक ध्वनींवर भिस्त असल्याने गायिकेला आवाजाच्या आडोशाला लपणे शक्य नव्हते. गाताना डोळे, हात व देहबोली यांचा सहज वापर ही त्यांची देणगी मानली जाते.

मात्र खरी कसोटी पडद्याबाहेर लागली. त्या काळी कलावंत एका कंपनीशी कराराने बांधलेले असत. १९३९ च्या जुलैमध्ये प्रभातशी वाद विकोपाला गेल्यावर त्यांनी स्टुडिओच्या फाटकावर उपोषण आरंभिले. पिंपरी-चिंचवड पट्ट्याला असे दृश्य पुढील काळात परिचयाचे झाले. येथे मात्र उपोषणाला बसली होती ती लोकप्रियतेच्या शिखरावरील एक नटी. चरित्रपर लेखनात या घटनेकडे अनेकदा तापट स्वभावाचा किस्सा म्हणून पाहिले जाते. ही मांडणी अन्यायकारक वाटते, कारण पुढच्याच वर्षी, १९४० मध्ये, त्यांचे 'जाऊ मी सिनेमात?' हे पुस्तक प्रसिद्ध झाले. त्यात त्यांनी चित्रपटव्यवसायातील शोषणाची चर्चा केली. हंसा वाडकर व दुर्गा खोटे यांची आत्मकथने कित्येक वर्षांनंतरची, आणि त्यांचा रोख स्वतःच्या जीवनावर आहे. आपटे यांचा रोख व्यवसायावर आहे.

प्रभात सोडल्यानंतर त्यांनी एम. एस. सुब्बलक्ष्मी यांच्यासमवेत तमिळ 'सावित्री' (१९४१), लाहोरमध्ये निर्मिलेला 'जमीनदार' (१९४२) आणि मास्टर विनायक यांचा 'सुभद्रा' (१९४६) असे चित्रपट केले. म्हणजे एका कंपनीचे दार मिटल्यावर त्यांनी भाषा व प्रांत ओलांडून काम मिळविले. २४ फेब्रुवारी १९६४ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले. त्यापूर्वीच, १९६० मध्ये, प्रभातच्या आवारात सरकारी फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली होती.