वग लिहिणारे अण्णाभाऊ

अण्णाभाऊ साठे म्हटले की आपल्या घरात ‘फकिरा’चे नाव निघते. १९५९ सालची ही कादंबरी त्यांनी बाबासाहेबांच्या झुंजार लेखणीला अर्पण केली, म्हणून आपल्याला तिचे मोल अधिक. पण अण्णाभाऊंची लेखणी आधी चालली ती तमाशाच्या बोर्डावर. तो इतिहास आम्ही इथे थोडक्यात मांडतो.

१ ऑगस्ट १९२० रोजी वाटेगावला (आता जि. सांगली) मांग समाजात त्यांचा जन्म झाला. शाळा म्हणाल तर जेमतेम दीड दिवसाची! मुंबईत येऊन गिरणीत राबले, नात्यातल्या बापू साठेंच्या तमाशात तयार झाले. १९४४ साली अमर शेख आणि गवाणकर यांच्यासोबत त्यांनी लालबावटा कलापथक उभे केले.

जुन्या तमाशात आधी गण, मग गवळण, बतावणी आणि शेवटी वग. वगात बहुधा राजा-प्रधान. अण्णाभाऊंनी सांगाडा तोच ठेवला, आतला माल बदलला. गणात गणपतीऐवजी मायभूमीला वंदन आले. गवळण काढून टाकली. राजाच्या जागी शेठजी-सावकार आणि त्यांना जाब विचारणारा मजूर उभा केला. हसवणे मात्र सोडले नाही. आपल्या दंडार-खडी गमतीतल्यासारखाच सोंगाड्या इथेही होता, पण आता लोक हसायचे ते जुलूम करणाऱ्याला. ‘अकलेची गोष्ट’, ‘शेटजींचे इलेक्शन’ हे त्यांचे गाजलेले वग. ‘माझी मुंबई’त तर मुंबई कष्टकऱ्याची की शेठजींची, असा रोकडा सवाल. सरकारने बंदी घातली तेव्हा तमाशा ‘लोकनाट्य’ या नावाने लोकांपुढे आला. हिंगणघाटच्या कापड गिरण्यांत ज्यांचे बापजादे खपले, त्यांना हा सवाल परका वाटू नये.

१९५८ साली मुंबईत पहिले दलित साहित्य संमेलन भरले. त्याचे उद्घाटन अण्णाभाऊंनीच केले. १८ जुलै १९६९ रोजी ते गेले.

तरीही ‘अण्णाभाऊ त्यांचे, बाबासाहेब आपले’ अशी वाटणी आपल्या वस्त्यांत कानावर येते. आम्हांला ती पटत नाही. ज्याने आपले पुस्तक बाबासाहेबांच्या लेखणीला वाहिले, त्याला परका कसे म्हणावे? येत्या १ ऑगस्टला शेजारच्या मातंग बांधवांना बोलवावे, पोरांनी त्यांचा एखादा वग बसवावा, आणि दोन्ही वस्त्यांनी तो एका सतरंजीवर बसून पाहावा, एवढीच आमची विनंती.

जयभीम!