हेमाडपंतांचा मायना

मी एग्मोरहून बोलतोय. घरापासून चालत जाता येईल इतक्या अंतरावर तमिळनाडूचं राज्य पुराभिलेखागार आहे. ईस्ट इंडिया कंपनीच्या फोर्ट सेंट जॉर्जचं जुनं दप्तर तिथेच आहे. त्या दप्तरात १६७७ सालची एक नोंद आहे. दक्षिणेच्या मोहिमेवर असलेल्या शिवाजी महाराजांनी मद्रासच्या इंग्रजांना पत्र पाठवून औषधं आणि विषावरचे उतारे मागवले होते. म्हणजे घोड्यावर मांड असतानाही पत्रव्यवहार चालूच होता.

आपल्या पत्रलेखनाला शिस्त कुणी लावली, असं विचारलं की परंपरा चारशे वर्षं मागे देवगिरीला नेते. यादव राजे महादेव आणि रामचंद्र यांच्या दरबारी हेमाद्री, म्हणजे आपले हेमाडपंत, श्रीकरणाधिप होते, राज्याच्या दप्तराचे प्रमुख. मोडी त्यांनी लंकेहून आणली, ही दंतकथा सोडून द्या. पण कारकुनाला पत्र लिहायला शिकवणारं ‘मेस्तक’ त्यांच्याच नावावर चालत आलं. कोणाला कोणता मायना लिहायचा, हे त्यात सांगितलेलं असे. त्याच शतकात इटलीतल्या बोलोन्यात बोनकोम्पान्यो नावाचे गुरुजी विद्यार्थ्यांना हीच विद्या शिकवत होते.

मायना म्हणजे नुसती सजावट नव्हे. मोडीत शब्द तोडत नाहीत, विरामचिन्हं नाहीत. ‘राजमान्य राजश्री’ किंवा ‘तीर्थरूप’ दिसलं की वाचणाऱ्याला पाय ठेवायला जागा मिळते. शेवटही तसाच पक्का. शिवकालीन पत्रांच्या अखेरीस ‘मर्यादेयं विराजते’ ही मुद्रा असे. मजकूर इथे संपला, पुढे कुणी काही घुसडायचं नाही!

हे मला फौजेत उशिरा कळलं. मी नवा लेफ्टनंट होतो. आमचा एक मराठी जवान गेला. त्याच्या घरी मी लिहिलं, ‘आपणांस कळविण्यात येते की...’. पुढे गावी भेटायला गेलो, तेव्हा त्याचे वडील शांतपणे म्हणाले, “साहेब, पत्र कचेरीचं वाटलं. वर माझं नाव तरी हवं होतं.”

मला उत्तर सुचलं नाही. त्यानंतर अशी पत्रं लिहायची वेळ आली, तेव्हा पहिली ओळ ‘तीर्थरूप’ आणि पुढे वडिलांचं नाव. बातमी त्यानंतर.

पुढच्या भागात भेटू. जय हिंद.