फाळक्यांचे पुस्तक आणि फुटांचा हिशोब

दादासाहेब फाळक्यांची हकिकत सांगणाऱ्या बहुतेक लेखनात एका पुस्तकाचा ओझरता उल्लेख येतो. गिरगावातल्या अमेरिका-इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये ख्रिस्ताचा जीवनपट पाहून फाळके झपाटले, त्यांनी सेसिल हेपवर्थचे 'एबीसी ऑफ सिनेमॅटोग्राफी' मिळवले, वाचले आणि पुढच्या वाक्यात ते लंडनच्या बोटीवर चढले. पुस्तकात काय होते आणि त्यातले किती त्यांच्या कामी आले, हे सहसा कोणी विचारत नाही. हेपवर्थच्या पुस्तकाचे छापील नावही वेगळे आहे. लंडनमध्ये १८९७ साली ते 'अ‍ॅनिमेटेड फोटोग्राफी : द एबीसी ऑफ द सिनेमॅटोग्राफ' या नावाने निघाले. हौशी छायाचित्रकारांसाठी चालवलेल्या मालेतली ती छोटेखानी पुस्तिका होती. हेक्टर मॅक्लीन यांनी सुधारलेली तिची दुसरी आवृत्ती १९०० सालची. इतिहासकारांनी एकमेकांकडून नाव उतरवून घेतले, तेव्हा ते आखूड झाले.

या पुस्तिकेचे साल ध्यानात ठेवायला हवे, कारण चरित्रातल्या बऱ्याच गोष्टी त्या सालाशी ताडून पाहता येतात. त्यासाठी हाताशी असलेली साधने मोजकी आहेत. फाळक्यांनी स्वतः 'नवयुग' मासिकात १९१७-१८ मध्ये 'भारतीय चित्रपट' ही लेखमाला लिहिली. रंगाचारियर यांच्या अध्यक्षतेखालच्या सरकारी चित्रपट चौकशी समितीपुढे १९२७-२८ मध्ये त्यांनी साक्ष दिली आणि साक्षींचे ते खंड छापले गेले. 'बॉम्बे क्रॉनिकल'मध्ये जाहिराती आणि परीक्षण आहे. पत्नी सरस्वतीबाई आणि मुलांच्या आठवणी पुढे नोंदल्या गेल्या. शेवटी पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात जपलेली थोडी फिल्म. यांतले प्रत्येक साधन वेगळ्या काळात आणि वेगळ्या हेतूने तयार झाले, म्हणून त्यांचा आपसांत मेळ नेहमी बसत नाही.

पहिला बेमेळ ख्रिस्ताचा चित्रपट पाहिल्याच्या तारखेचाच. फाळक्यांच्या स्वतःच्या लेखात नाताळातला शनिवार आहे. काही चरित्रांत मात्र १९११च्या ईस्टरचे वर्णन येते : १४ एप्रिलला थोरला मुलगा भालचंद्र याच्याबरोबर प्राण्यांचा चित्रपट आणि दुसऱ्या दिवशी सगळ्या कुटुंबाला घेऊन गेल्यावर पडद्यावर अनपेक्षितपणे ख्रिस्त. पंचांग काढले तर २४ आणि ३१ डिसेंबर १९१० हे दोन्ही शनिवार होते, आणि १५ एप्रिल १९११ हाही शनिवारच. म्हणजे वाराने निकाल लागत नाही. तरीही कर्त्याने सहा-सात वर्षांच्या आत स्वतः लिहिलेला मजकूर पुष्कळ नंतर सांगितलेल्या आठवणीपेक्षा अधिक वजनाचा धरावा लागतो. चित्रपट कोणता, याबद्दलही दोन मते आहेत : काहींच्या मते पाथे कंपनीचा, तर काहींच्या मते आलिस गी यांनी गोमाँ कंपनीसाठी १९०६ मध्ये केलेला.

आता पुस्तकाकडे येऊ. १८९७ मध्ये हेपवर्थचे वय २३. जादूच्या कंदिलावर व्याख्याने देत फिरणारे आणि त्या विषयावर पुस्तक लिहिणारे टी. सी. हेपवर्थ हे त्याचे वडील. खुद्द त्याने प्रक्षेपणासाठी विजेच्या आर्क दिव्याची रचना केली होती आणि असे काही दिवे ब्रिटिश चित्रपटकार रॉबर्ट पॉलला विकले होते. त्याचा स्टुडिओ अजून उभा राहायचा होता. त्या काळी चित्रपट म्हणजे साधारण ५० फुटांची पट्टी, मिनिटाभराचा देखावा : गाडी येते, कामगार बाहेर पडतात, लाट किनाऱ्यावर फुटते. ल्युमिएर बंधूंचे असे देखावे मुंबईत वॉटसन हॉटेलात ७ जुलै १८९६ रोजी दाखवले गेले. त्यामुळे अशा वेळी लिहिलेल्या पुस्तिकेत कथा कशी बांधावी, दृश्यामागून दृश्य कसे जोडावे, नटाला कॅमेऱ्यासमोर कसे उभे करावे, याला जागाच नव्हती. तिचा विषय यंत्र आणि रसायन हा होता : फिल्म कशी थांबत थांबत सरकते, चित्रे कशी घेतात, धुतात आणि छापतात, आणि प्रकाश देऊन ती पडद्यावर कशी टाकतात.

म्हणजे १९११ मध्ये फाळक्यांच्या हाती पडलेले पुस्तक कलेच्या दृष्टीने चौदा वर्षे शिळे होते. धंद्याच्या दृष्टीने मात्र ते अजिबात शिळे नव्हते. पस्तीस मिलिमीटर रुंदीची पट्टी, प्रत्येक चित्राला दोन्ही कडांना चार-चार छिद्रे आणि एका फुटात सोळा चित्रे हे एडिसनच्या कारखान्यातून आलेले माप तोवर जगभर रूढ झाले होते. पुस्तकात जे शिळे झाले होते, त्याचे नवे रूप पडद्यावर दिसत होते. 'नवयुग'मधल्या लेखात फाळके सांगतात की, त्या प्रसंगानंतर दोन महिने मुंबईतल्या चित्रपटगृहांत लागेल तो चित्रपट त्यांनी पाहिला आणि हे इथे कसे करता येईल याचाच विचार केला. तेव्हा शिक्षणाची वाटणी अशी झाली : कथनाचे धडे गिरगाव-फोर्टमधल्या पडद्यांवर, कारागिरीचे धडे पुस्तकात.

त्यात फाळके कोरी पाटी घेऊन बसले नव्हते. जे. जे. कलाशाळा, बडोद्याचे कलाभवन, पुरातत्त्व खात्यातले काम, लोणावळ्याचा छापखाना आणि ब्लॉक करण्याचा कारखाना, शिवाय १९०९ मधली जर्मनीची वारी एवढे सगळे त्यांच्या पाठीशी होते. अंधारखोली, निगेटिव्ह, रसायनांची प्रमाणे आणि यंत्राचे दाते त्यांच्या रोजच्या सरावातले. हेपवर्थने पुस्तक लिहिले ते छायाचित्रण येणाऱ्या माणसासाठी, आणि फाळके नेमके तसे वाचक होते.

लंडनच्या मुक्कामाबद्दलही आकडे जुळत नाहीत. कुठे 'दोन आठवडे' येते, कुठे 'दोन महिने'. फाळके १ फेब्रुवारी १९१२ रोजी मुंबईहून निघाले आणि १ एप्रिलला परतले, ही चरित्रांतली नोंद घेतली तर सगळा प्रवास साठ दिवसांचा होतो. जाण्यायेण्याचे आगबोटीचे दिवस वजा केले की शहरात राहायला दोन-तीन आठवडेच उरतात. म्हणजे एका आकड्यात प्रवासही धरलेला आहे, दुसऱ्यात फक्त मुक्काम. तिथे त्यांनी 'बायस्कोप' साप्ताहिकाच्या कचेरीची पाटी पाहिली. ते या साप्ताहिकाचे वर्गणीदारच होते. संपादक कॅबोर्न यांनी आधी त्यांना या धंद्यात न पडण्याचा सल्ला दिला आणि मग वॉल्टन-ऑन-टेम्स इथे हेपवर्थकडे पाठवले. या भेटीचा अर्थही पुस्तकाच्या संदर्भातच उलगडतो. दोन-तीन आठवड्यांत कोणी हा धंदा मुळापासून शिकत नाही. पण वाचून, घरी करून पाहून अडलेल्या ठिकाणी बोट ठेवायला आणि विकत घ्यायची यंत्रे नीट पारखायला तेवढे दिवस पुरतात. परतताना विल्यमसन कंपनीचा कॅमेरा, छिद्रे पाडण्याचे यंत्र, छपाई-धुलाईची साधने आणि कोडॅकची कच्ची फिल्म यांची व्यवस्था त्यांनी केली होती. कच्ची फिल्म बिनछिद्रांची येई.

इथून पुढे चरित्रातल्या गोष्टी फुटांच्या हिशोबाने तपासता येतात.

फाळक्यांचा पहिला चित्रपट 'राजा हरिश्चंद्र' (१९१३). त्याची लांबी ३,७०० फूट, चार रिळे. फुटाला सोळा चित्रे, म्हणजे ५९,२०० चित्रे. चित्रामागे आठ छिद्रे धरली तर एका प्रतीला ४,७३,६०० छिद्रे, आणि निगेटिव्ह व पडद्यावर जाणारी प्रत अशा दोन पट्ट्या मोजल्या की साडेनऊ लाखांच्या आसपास. वाया गेलेली फिल्म यात धरलेलीच नाही. यंत्राच्या एका दाबात एका चित्राची आठही छिद्रे पडत असे मानले तरी १,१८,४०० दाब होतात. चित्रपटाला सहा महिने सत्तावीस दिवस लागले असे सांगितले जाते. त्या हिशोबाने दिवसाला ५७२ दाब, तेही अंधारात. सरस्वतीबाई रात्री बसून फिल्मला छिद्रे पाडत, रसायने कालवत, उन्हात पांढरी चादर धरून उभ्या राहत, ही घरातली आठवण कौतुकाच्या सुरात सांगितली जाते. आकडे मांडले की तो चित्रपटाच्या उत्पादनातला एक स्वतंत्र विभाग होता हे दिसते, आणि तो विभाग दादरच्या घरात एक गृहिणी सांभाळत होती.

दुसरी गोष्ट वाटाण्याच्या रोपाची. कुंडीत वाटाणा पेरला, महिनाभर रोज एक चित्र घेतले आणि मिनिटभराचा 'अंकुराची वाढ' तयार झाला, तो पाहून भांडवल देणाऱ्याचा विश्वास बसला, असे सांगतात. रोज एक चित्र घेतले तर महिन्याला तीस चित्रे होतात, म्हणजे दोन फुटांहून कमी फिल्म. सेकंदाला सोळा चित्रांच्या गतीने ती दोन सेकंदांच्या आत संपेल. मिनिटभराच्या पट्टीला ९६० चित्रे लागतात, दिवसाला बत्तीस. म्हणजे 'महिनाभर' आणि 'मिनिटभर' खरे असतील तर 'रोज एक' खरे नाही. फाळके दिवसातून कितीदा तरी त्या कुंडीपाशी जाऊन कॅमेऱ्याचा दांडा फिरवत असले पाहिजेत. हकिकत खोटी ठरत नाही, उलट तिच्यातली मेहनत वाढते.

तिसरी गोष्ट जाहिरातीची. सुरतेला गल्ला इतका कमी जमला की फाळक्यांनी खेळाची जाहिरात आकड्यांनी केली : सत्तावन्न हजार छायाचित्रे, दोन मैल लांब चित्र, आणि हे सगळे तीन आण्यांत. बार्नो आणि कृष्णस्वामी यांच्या 'इंडियन फिल्म'मुळे ही जाहिरात सर्वतोमुखी झाली आणि तिच्याकडे विक्रेत्याची अतिशयोक्ती म्हणूनच पाहिले गेले. हिशोब काय सांगतो? ५७,००० चित्रांची फिल्म भरते सुमारे ३,५६० फूट. नोंदलेल्या ३,७०० फुटांच्या अगदी जवळ. दोन मैल म्हणजे मात्र १०,५६० फूट, प्रत्यक्षाच्या जवळजवळ तिप्पट. एकाच जाहिरातीतला एक आकडा अंधारखोलीत उभा राहून मोजलेला आहे आणि दुसरा रस्त्यावर ओरडण्यासाठी बनवलेला. फाळक्यांमधला कारागीर आणि खेळवाला असे शेजारी शेजारी सापडतात.

लांबीवरून वेळही निघतो. सेकंदाला सोळा चित्रांची गती धरली की एक फूट एका सेकंदात सरकते, आणि ३,७०० फुटांना तासाहून किंचित अधिक वेळ लागतो. हाताने दांडा फिरवणाऱ्याप्रमाणे तो कमीजास्त होणारच. तरी अनेक पुस्तकांत येणारी चाळीस मिनिटे ही पुढच्या काळातल्या चोवीस चित्रांच्या गतीने केलेली मोजणी आहे. मुंबईच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये ३ मे १९१३ पासून लागलेल्या खेळाची 'बॉम्बे क्रॉनिकल'मधली जाहिरात दीड तासाचा कार्यक्रम सांगते. त्यात मिस आयरीन डेलमार यांचे नृत्य आणि पायांनी वस्तू झेलणाऱ्या कसरतपटूचे काम होते, आणि तिकीट नेहमीच्या दुप्पट होते. तासाचा चित्रपट आणि अर्ध्या तासाच्या कसरती असा तो दीड तास बरोबर भरतो.

पुस्तकाचा वाटा नेमका कुठे आहे, हे 'पुंडलिक'शी तुलना केली की कळते. दादासाहेब तोरण्यांचा 'पुंडलिक' कॉरोनेशनमध्येच १८ मे १९१२ रोजी, म्हणजे वर्षभर आधी लागला. पण ते रंगमंचावरच्या नाटकाचे चित्रण होते, कॅमेरा जॉन्सन नावाच्या इंग्रज माणसाच्या हाती होता आणि फिल्म धुवायला लंडनला गेली होती. फाळक्यांच्या दाव्याचा पाया असा की, छिद्र पाडण्यापासून पडद्यावर टाकण्यापर्यंत प्रत्येक क्रिया इथे झाली. १९२८च्या खंडातल्या साक्षीतही त्यांचा भर यावरच आहे. हा धंदा कोणालाच ठाऊक नव्हता, म्हणून कथानक लिहिणे, अभिनय शिकवणे, चित्रण आणि प्रक्षेपण ही सगळी कामे आपल्यालाच करावी लागली, असे ते समितीला सांगतात. त्या यादीतली पहिली दोन कामे हेपवर्थच्या पुस्तिकेत नव्हती, उरलेली होती. 'पहिला भारतीय चित्रपट' कोणता हा वाद ज्या कलमावर सुटतो, ते कलम पुस्तकातूनच आलेले आहे.

फाळक्यांनी स्वतः मात्र मराठीत अशी पुस्तिका लिहिली नाही. 'नवयुग'मधली लेखमाला मोलाची आहे, पण तिचा भर अनुभव, भांडवलाची टंचाई आणि स्वदेशी उद्योगाची बाजू मांडण्यावर आहे. कारागिरी दाखवायला त्यांनी कागदाऐवजी फिल्म वापरली. १९१७ मधल्या 'चित्रपट कसे तयार करतात' या लघुपटाचा काही भाग टिकला आहे. त्यात फाळके स्वतः दिग्दर्शन करताना आणि फिल्मच्या पट्ट्या हाताळताना दिसतात. 'राजा हरिश्चंद्र'ची पहिली आणि शेवटची अशी दोन रिळे, सुमारे दीड हजार फूट, संग्रहालयात आहेत, पण बऱ्याच अभ्यासकांच्या मते ती १९१७ मध्ये पुन्हा केलेल्या आवृत्तीची आहेत. तसे असेल तर १९१३चा चित्रपट आज जाहिराती, साक्ष, आठवणी आणि आकडे एवढ्यांतच उरतो.

म्हणूनच चित्रपटकारागिरीवरच्या जुन्या पुस्तकांकडे चित्रपटाच्या इतिहासकाराने संदर्भासाठी नव्हे, तर तपासणीसाठी पाहावे. मूक काळातल्या बहुतेक भारतीय चित्रपटांची फिल्म नष्ट झाली आहे आणि त्यांच्याबद्दल सांगणारे सगळे एकमेकांचेच ऐकून सांगतात. कोणी काय बनवले हे त्यांच्या तोंडून कळते. ते बनवायला काय लागले, किती लागले आणि सांगितलेले तसे घडू शकते का, हे मात्र फुटाला सोळा चित्रे मोजणारी पुस्तिकाच सांगते. फाळक्यांच्या बाबतीत तिने सरस्वतीबाईंचे श्रम मोजून दिले, एका रोपाची गोष्ट दुरुस्त केली आणि एका जाहिरातीतला खरा आकडा खोट्यापासून वेगळा काढला. तेव्हा चरित्रात एका ओळीत आटोपलेले हे पुस्तक त्या चरित्राच्या साधनांत धरायला हवे.