चांद्याचा विठोबा

गणेशोत्सव आला की आम्हा मावल्याच्या मराठी मंडळींना लोकमान्य आठवतात, ‘केसरी’ आठवतो. पण छापखान्यातल्या आणखी एका मराठी माणसाचे आपल्या आदिलाबाद भागावर ऋण आहे. त्याचे नाव आपल्या मंडपात फारसे निघत नाही. तो म्हणजे चांद्याचा विठोबा.

कोमरम भीम यांचा जन्म विसाव्या शतकाच्या आरंभी, आसिफाबादजवळच्या संकेपल्लीच्या गोंड कुटुंबात झाला. कसलेल्या जमिनीवर हक्क सांगणारा सिद्दिकी भीमांच्या हातून मारला गेला. निजामाचे पोलीस मागे लागले, तेव्हा भीम आपला मित्र कोंडल याच्यासह पायी चांद्याला, म्हणजे आजच्या चंद्रपूरला गेले. शाळा कधी पाहिलेली नव्हती.

त्यांच्या जीवनकथेत इथेच विठोबा भेटतो. तो छापखाना चालवी आणि इंग्रज व निजाम या दोघांविरुद्धचा मजकूर छापी. या अनोळखी तरुणाला त्याने आसरा दिला. त्याच्याकडे राहून भीम हिंदी, उर्दू आणि इंग्रजी वाचायला शिकले. त्या काळी छापखान्यात एकेक खिळा उचलून ओळ जुळवावी लागे, तीही उलटी. अक्षर डोळ्यांत बसल्याशिवाय जुळाऱ्याचे काम होत नसे.

या शिक्षणाचे मोल आम्हा कचेरीत बसणाऱ्यांना चटकन कळते. निजामी राज्यात सरकारी कामकाज उर्दूत चाले. ज्याला कागद वाचता येत नाही, त्याची जमीन जायला वेळ लागत नसे.

पुढे विठोबाला अटक झाली आणि भीम आसामच्या चहामळ्यांत गेले. परतल्यावर त्यांनी जोडेघाट परिसरातल्या १२ गावांसाठी जल, जंगल, जमिनीचा लढा उभारला आणि १९४० मध्ये तिथेच ते धारातीर्थी पडले. त्यानंतर निजाम सरकारने हायमेनडॉर्फ या अभ्यासकाला इकडे पाठवले. त्यांच्या पुढाकाराने मार्लवाईला गोंड शिक्षक तयार झाले. मुलांसाठी गोंडी पुस्तके निघाली, ती देवनागरी लिपीत.

१९५६ मध्ये राजुरा, किनवट हे तालुके आदिलाबादपासून तुटून मराठी मुलखात गेले. आपण इकडे राहिलो. गोंड शेजाऱ्यांशी आपले नाते मात्र त्याहून जुने आहे. दरवर्षी आश्विन पौर्णिमेला, म्हणजे आपल्या कोजागिरीला, जोडेघाटला भीमांचे स्मरण होते. यंदा मंडळातल्या चार घरांनी दूध आटवण्याआधी तिकडे जाऊन यावे आणि मुलांना विठोबाचीही गोष्ट सांगावी, असे आम्हाला वाटते.