राहुल राम

राहुल राम : ‘इंडियन ओशन’ या दिल्लीच्या फ्यूजन रॉक बँडचे बास गिटारवादक व गायक. अमेरिकेतील कॉर्नेल विद्यापीठातून पर्यावरणीय विषशास्त्रात पीएच.डी. मिळवून परतल्यावर ते नर्मदा बचाओ आंदोलनात कार्यकर्ते झाले. सुस्मित सेन व असीम चक्रवर्ती यांनी उभारलेल्या बँडमध्ये ते 1991 मध्ये आले. बास गिटारच्या चार तारा साध्या गिटारच्या खालच्या चार तारांहून एक सप्तक खाली लावतात; ताल आणि सूर यांना बांधून ठेवणे हे तिचे मुख्य काम. राम यांनी तिच्याकडून धूनही वाजवून घेतली. एकत्र वाजवता वाजवता रचना घडवण्याची या बँडची रीत आहे. तीत लोकगीत, रॉक, जॅझ आणि तबल्याचे ठेके यांना बास गिटारवादकाने तोलून धरावे लागते. 2000 मधील ‘कंदिसा’ या अल्बममधील ‘मा रेवा’ हे नर्मदेचे गीत आंदोलनाच्या त्या दिवसांशी नाते सांगते. ‘ब्लॅक फ्रायडे’ व ‘मसान’ या चित्रपटांना बँडने संगीत दिले. 2009 मध्ये असीम यांचे निधन झाले, 2013 मध्ये सुस्मित बाहेर पडले. त्यानंतरही राम बँडमध्ये राहिले. ‘ऐसी तैसी डेमोक्रसी’ या राजकीय विनोदाच्या कार्यक्रमातही ते गायले.