पोलीस स्मृतिदिन म्हणजे काय? २१ ऑक्टोबरला काय होतं?

२१ ऑक्टोबर १९५९ रोजी लडाखमधील हॉट स्प्रिंग्ज इथे चिनी सैनिकांच्या हल्ल्यात १० पोलीस जवान शहीद झाले. त्यांच्या आठवणीत हा दिवस देशभर पोलीस स्मृतिदिन म्हणून पाळतात. सुट्टी नसते, म्हणून अनेकांच्या तो लक्षातही येत नाही.

सकाळी जिल्हा पोलीस मुख्यालयात परेड होते. ‘शोक शस्त्र’चा हुकूम सुटला की जवान रायफल उलटी धरून मान खाली घालतात. पुष्पचक्र वाहतात, हवेत फैरी झाडतात. पण खरा कार्यक्रम नावं वाचण्याचा. मागील १ सप्टेंबर ते ३१ ऑगस्ट या काळात देशभरात कर्तव्यावर शहीद झालेल्या पोलिसांची नावं वाचली जातात, शिपाई असो की अधिकारी. यादी लवकर संपत नाही.

गडचिरोलीत ही नावं घरचीच वाटतात. २००९ या एकाच वर्षात नक्षलवादी हल्ल्यांत फेब्रुवारीत मरकेगावला १५ आणि ऑक्टोबरमध्ये लाहेरीजवळ १७ पोलीस गेले. १ मे २०१९ ला, ऐन महाराष्ट्र दिनी, जांभुळखेड्याजवळ भूसुरुंग स्फोटात शीघ्र प्रतिसाद पथकाच्या गाडीतले १५ जवान आणि चालक ठार झाले. चालक पोलीस नव्हता, खासगी गाडीवाला होता. आणि स्मृतिदिनाची यादी पोलिसांची असते.